रास्तभाव दुकानाच्या परवान्यावरील पात्रतेचा वाद: नव्याने उतरणाऱ्यांसाठी मार्गदर्शन

रास्तभाव दुकान रिकामे होते, जाहीरनामा निघतो, चार-पाच अर्ज येतात आणि त्यांतील एकाच्या नावे मंजुरीचा आदेश होतो. त्यानंतर उरलेल्या अर्जदारांपैकी कोणीतरी तो आदेश घेऊन वकिलाकडे जातो. पुरवठा विभागात हा क्रम नवा नाही. हा लेख महाराष्ट्रातील अशा वादांपुरता मर्यादित आहे. प्रथमच अर्ज करणारे बचत गट, ग्रामपंचायतींचे पदाधिकारी, सहकारी संस्थांचे सचिव आणि या प्रकारचे काम नव्याने हाती घेणारे वकील यांना डोळ्यांसमोर ठेवून तो लिहिला आहे.

सुरुवातीलाच एक गोष्ट स्पष्ट असावी, कारण पुढचे सगळे तिच्यावर अवलंबून आहे. रास्तभाव दुकानाचा परवाना मिळणे हा कोणाचाही मूलभूत हक्क नाही. मध्य प्रदेशात १९८१ मध्ये शासनाने अशी दुकाने देताना सहकारी संस्थांना प्राधान्य देण्याची योजना आणली, तेव्हा खासगी विक्रेत्यांच्या संघाने तिला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले. न्यायालयाने ती योजना वैध ठरवली, आणि शासनाचे धान्य शासनाच्या वतीने विकण्यासाठी आपलीच नेमणूक व्हावी असा हक्क व्यापारी सांगू शकत नाही, अशी भूमिका घेतली. अर्जदाराला हक्क आहे तो एवढाच, की त्याचा अर्ज जाहीर केलेल्या निकषांवर, इतरांच्या बरोबरीने आणि प्रामाणिकपणे तपासला जावा. म्हणून ‘दुकान आम्हालाच मिळायला हवे होते’ या वाक्याने सुरू होणारे अपील बहुधा कमकुवत असते. ‘जाहीरनाम्यातील अमुक अट समोरच्याने शेवटच्या तारखेला पूर्ण केलेली नव्हती, तरी तो पात्र ठरला’ या वाक्याने सुरू होणारे अपील तपासणी अधिकाऱ्याला उत्तर द्यायला भाग पाडते.

कोणता नियम कोणावर बसतो

या क्षेत्रात नियमांचे थर एकावर एक आहेत आणि नवख्या माणसाचा गोंधळ इथेच होतो. सर्वांत खाली जीवनावश्यक वस्तू अधिनियम, १९५५ आहे. त्याच्या कलम ३ मधील अधिकारांतून महाराष्ट्र अनुसूचित वस्तू (वितरणाचे विनियमन) आदेश, १९७५ आला, आणि दुकानदाराचे प्राधिकारपत्र, ज्याला बोलीभाषेत परवाना म्हणतात, त्याच्याशी संबंधित बहुतेक कारवाई आजही या आदेशाचा आधार घेते. राष्ट्रीय अन्न सुरक्षा अधिनियम, २०१३ च्या कलम १२ मध्ये वितरण व्यवस्थेतील सुधारणांची यादी आहे. दुकानांचे परवाने देताना पंचायती, स्वयंसहायता गट आणि सहकारी संस्था यांसारख्या सार्वजनिक संस्थांना प्राधान्य द्यावे आणि दुकानांचे व्यवस्थापन महिलांकडे किंवा त्यांच्या समूहांकडे असावे, हे त्या यादीत आहे. केंद्राचा लक्ष्यनिर्धारित सार्वजनिक वितरण व्यवस्था (नियंत्रण) आदेश, २०१५ हा त्यापुढचा थर आहे.

या सर्वांवर राज्याचे शासन निर्णय येतात. महिला बचत गटांना प्राधान्य देणारा ३ नोव्हेंबर २००७ चा शासन निर्णय आणि प्राथम्यक्रम नव्याने ठरवणारा ६ जुलै २०१७ चा शासन निर्णय हे दोन प्रत्येक अर्जदाराने मुळातून वाचायला हवेत. जाहीरनामा या साखळीतील शेवटची कडी आहे. वाद मात्र पहिल्यांदा तिथेच उभा राहतो, कारण जाहीरनामा काढणारे कार्यालय शासन निर्णयातील एखादी अट गाळते, एखादी स्वतःहून घालते किंवा जुन्याच नमुन्यावर नवी तारीख टाकून तो प्रसिद्ध करते. जाहीरनामा शासन निर्णयाशी विसंगत असेल तर शासन निर्णय वरचढ ठरतो. मात्र ही विसंगती माहीत असूनही गप्प राहून अर्ज भरणाऱ्याला, निवड न झाल्यावर तोच मुद्दा काढणे फार अवघड जाते. निवड प्रक्रियेत विनातक्रार भाग घेऊन नंतर तिच्या नियमांवर बोट ठेवणाऱ्याकडे न्यायालये सहानुभूतीने पाहत नाहीत. जाहीरनाम्यातील दोष अर्जाच्या मुदतीतच लेखी कळवावा आणि त्याची पोच आवक क्रमांकासह जपून ठेवावी.

पहिली पायरी: जाहीरनामा ओळीओळीने वाचणे

वाचताना तीन गोष्टी वेगळ्या कागदावर उतरवाव्यात: अर्जाची शेवटची तारीख, अर्ज करण्यास कोण पात्र आहे याचे वर्णन, आणि सोबत जोडायच्या कागदपत्रांची यादी. तिन्हींचे कायदेशीर वजन सारखे नसते.

शेवटच्या तारखेचे वजन सर्वाधिक. पात्रता कोणत्या दिवशी तपासायची याचे उत्तर जाहीरनाम्यात वेगळे दिलेले नसेल, तर ती अर्जाच्या अंतिम दिवशी असायला हवी, हे तत्त्व नोकरभरतीच्या प्रकरणांतून पक्के झाले आहे आणि परवान्यांच्या वादांतही त्याचाच आधार घेतला जातो. मुदत संपल्यावर मिळवलेला लेखापरीक्षण अहवाल, नंतर झालेली गटाची नोंदणी, सुनावणीच्या आदल्या दिवशी केलेला जागेचा भाडेकरार, असे कागद समोरच्याने दाखल केले असतील तर त्यांच्या तारखा हाच तुमचा सर्वांत मजबूत मुद्दा असतो. अर्थात तुमच्याही कागदांच्या तारखा तितक्याच काटेकोरपणे पाहिल्या जाणार आहेत.

पात्रतेची अट आणि कागदाची अट यांत फरक आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९१ मध्ये पोद्दार स्टीलच्या प्रकरणात निविदेच्या मूलभूत अटी आणि पूरक अटी यांची विभागणी केली. अनामत रक्कम रोख किंवा विशिष्ट बँकेच्या डिमांड ड्राफ्टने भरण्याची अट होती, निविदाकाराने ती दुसऱ्या बँकेच्या प्रमाणित धनादेशाने भरली, आणि ही बाब पूरक असल्याने प्राधिकरण ती शिथिल करू शकते, असे न्यायालयाने ठरवले. परवान्याच्या वादात हीच कसोटी लावून पाहावी. गट त्याच गावचा असणे ही पात्रता आहे; छायाप्रतीवर साक्षांकनाची सही राहून जाणे हा कागदाचा दोष आहे. पहिल्या प्रकारची त्रुटी दुरुस्त करू देणे बेकायदा ठरू शकते. दुसऱ्या प्रकारची त्रुटी दुरुस्त करू दिली तर तक्रारीला जागा नसते, मात्र ती संधी एकाला दिली आणि दुसऱ्याचा अर्ज तेवढ्याच कारणासाठी फेटाळला तर भेदभावाचा मुद्दा ठामपणे उभा राहतो. पुरवठा कार्यालयांच्या आदेशांत असा भेदभाव शोधावा; तो वरवर पाहता दिसत नाही आणि सापडला की आदेश टिकवणे कठीण होते.

दुसरी पायरी: प्राथम्यक्रम आणि त्यातील खाचखळगे

२०१७ च्या शासन निर्णयानुसार प्राधान्याचा क्रम असा आहे: आधी ग्रामपंचायत व तत्सम स्थानिक स्वराज्य संस्था, मग नोंदणीकृत स्वयंसहायता बचत गट, मग नोंदणीकृत सहकारी संस्था, त्यानंतर संस्था नोंदणी कायद्याखालील संस्था म्हणजे सार्वजनिक न्यास, आणि दुकानाचे व्यवस्थापन महिलांनी किंवा त्यांच्या समूहांनी करावे. वरच्या गटातील पात्र अर्जदार असताना खालच्या गटातील अर्जदाराची निवड झाली तर आदेशात त्याची कारणे असायलाच हवीत. त्याचबरोबर हेही लक्षात ठेवावे की प्राधान्य म्हणजे पात्रतेपासून सूट नव्हे. ग्रामपंचायतीने अर्ज केला पण जागाच दाखवली नाही, तर केवळ ती यादीत पहिली आहे म्हणून तिला दुकान मिळत नाही.

ग्रामपंचायतीच्या अर्जातून एक विचित्र परिस्थिती निर्माण होते. बचत गटांच्या अर्जांबाबत ग्रामसभेचे मत मागवले जाते आणि त्या ग्रामसभेचे अध्यक्षपद सरपंचाकडे असते. ग्रामपंचायतच अर्जदार असेल तर शिफारस करणारा आणि स्पर्धक एकाच टेबलाशी बसतात. हे टाळण्यासारखे नसेल तर निदान ठरावाच्या इतिवृत्तात दोन्ही अर्जांवरील चर्चा स्वतंत्र नोंदलेली असावी.

ग्रामसभेचा ठराव हा अशा वादांतील सर्वाधिक हल्ला होणारा दस्तऐवज आहे. ग्रामसभेची गणपूर्ती, म्हणजे सभा वैध ठरण्यासाठी लागणारी किमान उपस्थिती, एकूण मतदारांच्या १५ टक्के किंवा १००, यांपैकी जी संख्या कमी असेल ती आहे. म्हणून हजेरीपत्रकाची प्रत घ्यावी आणि सह्या मोजाव्यात. तहकूब होऊन पुन्हा भरलेल्या सभेचे नियम वेगळे असल्याने आधी ती मूळ सभा होती की तहकूब सभा, हे इतिवृत्तावरून ठरवावे. विषयपत्रिकेत दुकानाचा विषय होता का, की तो ‘आयत्या वेळचे विषय’ या सदरात घुसवला, हेही तपासावे. ग्रामसभेपूर्वी महिला सभा झाली का आणि तिचा ठराव मूळ ठरावाशी जुळतो का, हे पाहायला पुष्कळ जण विसरतात. एकाच सभेचे दोन वेगळे ठराव दोन अर्जांना जोडलेले असतील, तर मूळ इतिवृत्त पुस्तक सुनावणीत हजर करण्याची मागणी लेखी करावी. तोंडी मागणी रोजनाम्यात, म्हणजे सुनावणीच्या दैनंदिन नोंदीत, येत नाही.

बचत गटांच्या पात्रतेवर घेतले जाणारे आक्षेप साधारण ठरलेले असतात, पण त्यांची ताकद सारखी नसते. सदस्य त्या गावचे किंवा प्रभागाचे रहिवासी नाहीत, हा आक्षेप मतदार यादीवरून आणि शिधापत्रिकेवरून सिद्ध होतो, म्हणून तो चांगला. गट निष्क्रिय आहे आणि जाहीरनामा निघणार अशी कुणकुण लागल्यावर जागा केला आहे, हा आक्षेप बँकेच्या खातेउताऱ्यावरून, बैठकांच्या नोंदवहीवरून आणि अंतर्गत कर्जव्यवहारावरून मांडता येतो. नियमित बचतीचे हप्ते नसतील आणि एकाच महिन्यात मोठी रक्कम जमा झाली असेल तर उतारा स्वतःच बोलतो. ‘नोंदणीकृत’ म्हणजे कोणाकडे नोंदणी झालेला, हा प्रश्न अधिक गुंतागुंतीचा आहे, कारण उमेद अभियान, महिला आर्थिक विकास महामंडळ किंवा नगरपालिकेचा संबंधित विभाग यांच्याकडील नोंद ही कायद्याखालील संस्थेच्या नोंदणीपेक्षा वेगळी असते. जाहीरनाम्यात कोणाचे प्रमाणपत्र मागितले आहे त्यावर भिस्त ठेवावी. गटाची अध्यक्ष विद्यमान दुकानदाराची पत्नी किंवा सून आहे, हा आक्षेप भावनिकदृष्ट्या सर्वांत प्रभावी वाटतो, परंतु जाहीरनाम्यात किंवा शासन निर्णयात तसा प्रतिबंध असेल तरच तो टिकतो; नाहीतर खरा परवानाधारक पडद्याआड राहून गट फक्त नावाला उभा केला आहे, हे जागेचा मालक, खात्यावर सही करणारा आणि व्यवहार पाहणारा माणूस यांच्या कागदांवरून दाखवावे लागते.

आर्थिक क्षमतेची अट पूर्वी महत्त्वाची होती, कारण दुकानदाराला धान्य उचलण्याआधी त्याची किंमत चलनाने भरावी लागे. जानेवारी २०२३ पासून अन्न सुरक्षा कायद्याखालील धान्य मोफत असल्याने त्या अटीमागचा हेतू पुष्कळ अंशी उरलेला नाही. तरीही जाहीरनाम्यात ती असेल तर पूर्ण करावी लागते. हेतू संपला म्हणून अट आपोआप संपत नाही.

तिसरी पायरी: कागद हातात घेणे

आदेश निघाल्यावर पहिल्या आठवड्यात करायचे काम म्हणजे नस्तीतील, म्हणजे प्रकरणाच्या कार्यालयीन फाइलमधील, कागद मिळवणे. सर्व अर्जदारांचे अर्ज, छाननीचा तक्ता, पुरवठा निरीक्षकाचा जागा पाहणी अहवाल, तहसीलदाराचा प्रस्ताव आणि मंजुरीआधीची कार्यालयीन टिप्पणी हे पाच कागद मिळाले तर वादाचे खरे स्वरूप कळते. छाननी तक्त्यात एका अर्जासमोर ‘पात्र’ आणि टिप्पणीत त्याच अर्जाविषयी ‘त्रुटी’ असे लिहिलेले क्वचित सापडते, पण सापडले तर त्याइतका उपयुक्त पुरावा दुसरा नाही.

यासाठी दोन मार्ग एकाच वेळी वापरावेत. अर्जदार या नात्याने कार्यालयाकडे नक्कल अर्ज करावा आणि माहिती अधिकार अधिनियम, २००५ खाली दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लावून स्वतंत्र अर्ज करावा. माहिती अधिकारात उत्तरासाठी ३० दिवस आहेत, आणि मंजुरीच्या आदेशाविरुद्धच्या अपिलाची मुदतही आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांचीच धरून चालायला हवे. म्हणजे माहितीची वाट पाहत बसले तर अपील मुदतबाह्य होते. अपील वेळेत दाखल करावे आणि ‘नस्तीच्या प्रती मिळाल्यावर पूरक मुद्दे मांडण्याची मुभा असावी’ हे वाक्य त्यातच घालून ठेवावे. दुसऱ्या अर्जदाराचे कागद ‘वैयक्तिक माहिती’ म्हणून नाकारले गेले तर कलम १० ची आठवण करून द्यावी: आधार क्रमांक, खाते क्रमांक असा मजकूर झाकून उरलेला भाग देता येतो. सार्वजनिक निवडीत जोडलेले पात्रतेचे दाखले सरसकट खासगी ठरत नाहीत, असा युक्तिवाद माहिती अधिकारातील पहिल्या अपिलात करता येतो.

चौथी पायरी: आदेश वाचणे

मंजुरीचा किंवा नामंजुरीचा आदेश प्रशासकीय असला तरी त्यात कारणे हवीत. ‘सर्व कागदपत्रांचे अवलोकन केले असता अर्जदार क्रमांक दोन योग्य वाटतो’ एवढाच मजकूर असेल तर ते कारण नव्हे, तो फक्त निष्कर्ष आहे. १९७८ च्या मोहिंदर सिंह गिल प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की आदेशाची वैधता त्यात नोंदलेल्या कारणांवरूनच तपासायची असते आणि नंतर प्रतिज्ञापत्रातून नवी कारणे जोडून तो सावरता येत नाही. म्हणून अपिलाच्या उत्तरात कार्यालयाने नवे कारण पुढे केले, की ते मूळ आदेशात नव्हते हे लगेच दाखवून द्यावे.

आदेश कोणाच्या सहीने निघाला हेही पाहावे. जिल्ह्यात हा अधिकार सामान्यतः जिल्हा पुरवठा अधिकाऱ्याकडे असतो, काही शहरांत अन्नधान्य वितरण अधिकाऱ्याकडे, तर मुंबई-ठाणे शिधावाटप क्षेत्रात उपनियंत्रक, शिधावाटप यांच्याकडे. तहसीलदाराने प्रस्ताव पाठवायचा असतो. त्याने थेट मंजुरी दिली असेल तर अधिकारक्षेत्राचाच प्रश्न येतो.

पाचवी पायरी: योग्य दार ठोठावणे

जिल्हा पुरवठा अधिकाऱ्याच्या आदेशाविरुद्ध विभागीय आयुक्त कार्यालयात, म्हणजे प्रत्यक्षात बहुधा उपायुक्त (पुरवठा) यांच्यापुढे जावे लागते. मुंबई-ठाण्यात ते काम शिधावाटप नियंत्रकांकडे आहे. त्यानंतर राज्य शासनाकडे पुनरीक्षण अर्ज, म्हणजे खालचा आदेश पुन्हा तपासण्याची विनंती, ज्याची सुनावणी अन्न व नागरी पुरवठा खात्याचे मंत्री घेतात. १९७५ च्या आदेशातील खंड २४ हा त्याचा आधार. मंत्री इथे अर्धन्यायिक अधिकार वापरतात, राजकीय विवेक नव्हे, आणि त्यांच्या आदेशालाही कारणांची अट लागू आहे.

स्थगितीचा अर्ज अपिलासोबतच द्यावा. नुसते ‘स्थगिती मिळावी’ असे लिहू नये. अद्याप करारनामा झाला नसेल, ई-पॉस यंत्र (धान्य वाटपाची नोंद करणारे दुकानातील यंत्र) जोडले नसेल आणि शिधापत्रिका नव्या दुकानाकडे वर्ग झाल्या नसतील, तर यांपैकी कोणती कृती थांबवायची ते स्पष्ट मागावे. एकदा दुकान सुरू होऊन धान्य वाटप चालू झाले की स्थगिती मिळण्याची शक्यता झपाट्याने कमी होते, कारण लाभार्थ्यांची गैरसोय हा समोरच्याच्या बाजूचा मुद्दा बनतो.

विलंबाने काय होते, याचे उत्तम उदाहरण १९७९ चे रामण्णा दयाराम शेट्टी प्रकरण आहे. मुंबई विमानतळावरील उपाहारगृहाची निविदा होती, नोंदणीकृत द्वितीय श्रेणी हॉटेलचालक म्हणून किमान पाच वर्षांच्या अनुभवाची अट होती आणि काम मिळाले ते ही अट पूर्ण न करणाऱ्याला. प्राधिकरण स्वतः घातलेल्या निकषाने बांधलेले असते, हे तत्त्व सर्वोच्च न्यायालयाने याच निकालात ठामपणे मांडले, आणि आज पात्रतेच्या प्रत्येक वादात ते उद्धृत होते. पण याचिकाकर्त्याला प्रत्यक्षात काहीही मिळाले नाही. तो उशिरा आला होता, त्या दरम्यान काम मिळालेल्याने खर्च करून ठेवला होता आणि याचिकाकर्ता स्वतःच्या हितासाठी आलेला दिसत नव्हता. मुद्दा जिंकून प्रकरण हरणे म्हणतात ते हेच.

दाद कोण मागू शकतो, हाही स्वतंत्र प्रश्न आहे. अर्ज करून अपात्र ठरलेला किंवा डावललेला अर्जदार सरळ बाधित पक्ष आहे. रिकाम्या दुकानाच्या शिधापत्रिका तात्पुरत्या ज्याच्याकडे जोडल्या होत्या असा शेजारचा दुकानदार मात्र, आपले मार्जिन (वाटपावरील कमिशन) कमी होणार म्हणून नव्या परवान्याला आव्हान देऊ लागला तर अडचणीत येतो. चित्रपटगृहाच्या परवानगीवरील १९७६ च्या जसभाई देसाई प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने निव्वळ व्यावसायिक स्पर्धकाला बाधित व्यक्ती मानले नव्हते. गावकऱ्यांचा मार्ग वेगळा आहे: दुकान लांब गेले, वाटप नीट होत नाही अशा तक्रारी जिल्हा तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे आणि राज्य अन्न आयोगाकडे नेता येतात, पण परवाना कोणाला द्यावा हे त्यांनी ठरवावे अशी अपेक्षा ठेवू नये.

रद्द झालेला परवाना आणि नवा दुकानदार

सर्वांत किचकट प्रकार हा. जुन्या दुकानदाराचा परवाना रद्द होतो, त्याचे अपील प्रलंबित असताना जाहीरनामा निघतो, नव्या गटाला दुकान मिळते आणि मग जुना दुकानदार अपील जिंकतो. नव्या गटाचे काय? सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये उत्तर प्रदेशातील पूनम प्रकरणात सांगितले की परवाना रद्द करण्याचा वाद हा शासन आणि जुना परवानाधारक यांच्यातला आहे, नंतर नेमलेल्याला त्यात स्वतंत्र कायदेशीर हक्क नाही आणि म्हणून तो आवश्यक पक्षकार नाही. २०२२ मध्ये राम कुमार प्रकरणात, पुन्हा उत्तर प्रदेशातील दुकानासंबंधी, न्यायालयाने वेगळी परिस्थिती पाहिली: तिथे नवे वाटप रीतसर प्रक्रियेने नियमित स्वरूपात झाले होते, जुन्या परवानाधारकाने ते उच्च न्यायालयापासून दडवले होते, आणि अशा वेळी नव्या दुकानदाराला ऐकल्याशिवाय निकाल देणे योग्य नाही, असे ठरले.

यातून दोन्ही बाजूंनी काय घ्यावे? अपील प्रलंबित असलेल्या दुकानासाठी अर्ज करणाऱ्या गटाने आधी तहसील कार्यालयात त्या अपिलाची स्थिती लेखी विचारावी आणि आपली नेमणूक अपिलाच्या अधीन आहे का, हे आदेशात पाहावे. तशी अट असेल तर जागेवर, फर्निचरवर फार खर्च करू नये. जुन्या दुकानदाराने नव्या नेमणुकीची माहिती मिळताच नव्या गटाला पक्षकार करावे. तांत्रिकदृष्ट्या गरज नसली तरी त्याने नंतरचा मोठा धोका टळतो. आणि रद्द करण्याच्या आदेशाविरुद्ध लढताना कारणे दाखवा नोटिशीत प्रत्येक आरोप, तपासणीची तारीख आणि प्रस्तावित कारवाई स्पष्ट होती का, पंचनाम्याची व कार्डधारकांच्या जबाबांची प्रत दिली होती का, हे प्रथम तपासावे. धान्याच्या साठ्यातील किरकोळ तफावतीसाठी थेट रद्दीकरण झाले असेल तर शिक्षा प्रमाणाबाहेर असल्याचा मुद्दाही मांडता येतो.

वारसांच्या बाबतीत थोडक्यात सांगायचे तर परवाना ही वडिलोपार्जित मालमत्ता नाही. मृत्युपत्रात दुकान कोणाच्या नावे लिहिले, याने काही ठरत नाही. धोरणात वारसाच्या नावे बदल करण्याची सोय असते तेवढीच लागू होते, त्यातील मुदत पाळावी लागते, आणि इतर वारसांचे ना-हरकत प्रतिज्ञापत्र नसेल तर भावाभावांतला वाद पुरवठा कार्यालय सोडवत नाही.

उच्च न्यायालयाकडे जाण्याआधी

विभागीय आयुक्त आणि मंत्री ही दारे उघडी असताना सरळ रिट याचिका केली तर पर्यायी उपाय उपलब्ध आहे म्हणून ती निकाली निघण्याची शक्यता मोठी असते. नैसर्गिक न्यायाचा भंग किंवा अधिकारक्षेत्राचा अभाव उघड दिसत असेल तर अपवाद होतो. संविधानाच्या अनुच्छेद २२६ आणि २२७ खाली न्यायालय पुराव्याची पुन्हा छाननी करत नाही. कोणता गट अधिक चांगला, हे ते ठरवणार नाही. निर्णयाची पद्धत चुकली का, एवढेच ते पाहते. जिल्ह्यानुसार याचिका मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर येथे जाते, आणि १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूर, सातारा, सांगली, सोलापूर, रत्नागिरी व सिंधुदुर्ग या जिल्ह्यांसाठी कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाल्याने तिथल्या पक्षकारांचा मुंबईचा प्रवास वाचला आहे.

इथपर्यंत जाण्याआधी हिशेब मांडावा, आणि वकिलानेही पक्षकाराला तो मांडायला लावावा. दुकानदाराचे मार्जिन २०२५ मध्ये क्विंटलमागे १५० वरून १७० रुपये करण्याचा निर्णय राज्य मंत्रिमंडळाने घेतला. महिन्याला १०० क्विंटल वाटप असणाऱ्या दुकानाला त्या दराने १७,००० रुपये मिळतात, आणि त्यातून जागेचे भाडे, वीज, मापाड्याची मजुरी जाते. लहान गावात वाटप ४० क्विंटल असेल तर रक्कम ६,८०० वर येते. दहा जणींच्या गटाने एवढ्यासाठी उच्च न्यायालयापर्यंत जावे का, हा निर्णय गटाच्या बैठकीत ठराव करूनच व्हावा. तो ठराव तसाही लागतोच, कारण गटाच्या वतीने कोणी सही करायची याचा अधिकार त्यातूनच येतो, आणि तो नसेल तर समोरचा पहिला आक्षेप त्यावरच घेतो.

जिंकल्यावरही लगेच दुकान हातात येत नाही. अपिलातील निकाल पुष्कळदा ‘प्रकरण फेरनिर्णयासाठी परत’ असा असतो, म्हणजे पात्रतेची तपासणी पुन्हा त्याच कार्यालयात होते. अशा वेळी निकालाची प्रमाणित प्रत मिळताच ती आवक नोंदवून जिल्हा पुरवठा कार्यालयात द्यावी, फेरसुनावणीची तारीख लेखी मागावी, आणि त्या सुनावणीत मूळ शेवटच्या तारखेनंतरचा एकही नवा कागद समोरच्याकडून स्वीकारला जाऊ नये, असा अर्ज पहिल्याच दिवशी द्यावा. थेट मंजुरीचा निकाल असेल तर अनामत रक्कम, करारनामा, जागेची पाहणी आणि ई-पॉस यंत्राची मागणी ही कामे एकाच आठवड्यात पुढे सरकवावीत, कारण समोरच्याच्या पुनरीक्षण अर्जावर स्थगिती येण्याची शक्यता त्याच आठवड्यात सर्वाधिक असते.